अहमक आणि आमचे नानाकाका

कादंबरीवरून काढलेला चित्रपट कोणी पाहून आला, की आपण त्याला हटकून एकच प्रश्न विचारतो, ‘पुस्तकासारखा आहे का रे?’ आपण पुस्तक वाचलेले असो वा नसो, प्रश्न ठरलेला. मणी कौल यांचा ‘अहमक’ पाहून झाल्यावर वर्गातल्या मित्रांनी मलाही तोच प्रश्न केला आणि त्याला एक शेपूट जोडले, ‘त्यात शाहरुख खान आहे म्हणतात, खरं का?’ दोन्ही प्रश्नांचे उत्तर ‘हो’ असेच आहे. पण या दोन होकारांनी काहीच सांगून होत नाही असे मला वाटत राहिले, म्हणून हा लेख लिहावयास घेतला.

आधी कादंबरीविषयी थोडेसे. दोस्तोव्हस्कीची ‘इडियट’ १८६८ आणि १८६९ या वर्षांत एका रशियन मासिकातून हप्त्याहप्त्याने प्रसिद्ध झाली. लेखक तेव्हा कर्जदारांचा ससेमिरा चुकवीत पत्नीसह परदेशात दिवस काढीत होता. जिनिव्हात जन्मलेली त्यांची पहिली मुलगी अवघ्या तीन महिन्यांची होऊन तिथेच गेली. दुःख करायलाही सवड नव्हती, कारण पुढचा हप्ता मासिकाला द्यायचा होता. अशा अवस्थेत या माणसाने संकल्प काय केला, तर एक सर्वार्थाने चांगला माणूस रंगवायचा! जगात याहून कठीण काम नाही, अशा अर्थाचे त्याने आपल्या भाचीला पत्रातून कळवलेही होते. वाईट माणूस रंगवणे सोपे असते. चांगल्या माणसाचा मात्र एक तर पुतळा होतो, नाही तर विदूषक.

प्रिन्स मिश्किन हा सव्वीस-सत्तावीस वर्षांचा तरुण. अपस्मारावरच्या उपचारांसाठी तो काही वर्षे स्वित्झर्लंडमध्ये होता. नोव्हेंबरअखेरच्या एका ओलसर सकाळी वॉर्सा-पीटर्सबर्ग गाडीच्या तिसऱ्या वर्गाच्या डब्यातून तो मायदेशी परततो. अंगावर पातळ कपडे, हातात एक गाठोडे. समोरच्या बाकावर रोगोझिन नावाचा व्यापाऱ्याचा मुलगा, नुकतीच बापाची इस्टेट हाती आलेला. दोघांची गट्टी जमते. पुढे दोघांच्याही आयुष्यात एकच स्त्री येते, नस्तास्या फिलिपोव्हना. लहानपणीच अनाथ झालेली, पालनकर्त्यानेच जिचा उपभोग घेतला अशी. रोगोझिनला ती हवी असते; प्रिन्सला तिचे दुःख पाहवत नाही. ती दोघांच्यामध्ये हेलकावे खात राहते आणि शेवटी रोगोझिनच्या सुरीला बळी पडते. प्रिन्स त्या खोलीत येतो, खुनी मित्राला शिव्याशाप देत नाही, रात्रभर त्याच्याजवळ बसून त्याच्या केसांवरून हात फिरवीत राहतो. सकाळी लोक दार उघडतात तेव्हा त्याची शुद्ध हरपलेली असते. कादंबरीच्या आरंभी जो बरा होऊन आला, तो शेवटी होता तिथेच परत जातो.

रशियन कादंबऱ्या आपल्या पडद्याला नव्या नाहीत. टॉलस्टॉयच्या ‘रिसरेक्शन’वरून १९३८ साली ‘दुनिया क्या है’ निघाला. त्याच्या निर्मात्या आणि नायिका म्हणजे आपल्या ललिता पवार. सिनेमाची खाष्ट सासू म्हणूनच त्यांना ओळखणाऱ्यांना हे सांगितले तर खरे वाटत नाही. ‘क्राइम अँड पनिशमेंट’वरून १९५८ साली राज कपूरचा ‘फिर सुबह होगी’ आला. ‘इडियट’ला हात घालणारा सर्वांत थोर दिग्दर्शक म्हणजे जपानचा कुरोसावा. त्याने १९५१ मध्ये ही कथा होक्काइडो बेटावरच्या बर्फात नेली. मूळ लांबी चार तास पंचवीस मिनिटे. चित्रपट कंपनीने ती कापून पावणेतीन तासांवर आणली आणि उरलेला भाग कायमचा हरवला. या कादंबरीला कात्री लावली की तिचा जीव जातो, हे मुंबईत हे काम हाती घेणाऱ्याला ठाऊक असणारच.

तो माणूस मणी कौल. जन्म जोधपूरचा, शिक्षण पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, गुरू ऋत्विक घटक. मराठी वाचकाला त्यांची एक ओळख लगेच पटेल. तेंडुलकरांच्या ‘घाशीराम कोतवाल’वरून १९७६ साली तरुणांच्या सहकारी संस्थेने जो चित्रपट काढला, त्याच्या दिग्दर्शकांत ते होते. त्याआधी १९६९-७० मध्ये ‘उसकी रोटी’ करून त्यांनी खळबळ उडवली होती. एक बाई बसड्रायव्हर नवऱ्याचा डबा घेऊन थांब्यावर वाट पाहते, एवढीच त्याची गोष्ट. संवाद मोजके, हालचाल संथ. कॅमेऱ्याला भिंगे दोनच, एक दूरवरचे सारे कवेत घेणारे आणि एक दूरचे जवळ ओढणारे. अनेकांना तो असह्य झाला. पुढे कौल उस्ताद झिया मोहिउद्दीन डागर यांच्याकडे ध्रुपद शिकले. पळस्पे येथे डागरसाहेबांचे गुरुकुल होते. आमच्या कुर्ल्याहून हार्बरने पनवेल गाठले की तिथून जवळच. एकेका स्वरापाशी थांबण्याची जी सवय ध्रुपदात लागते, ती या दिग्दर्शकाला आधीपासूनच होती म्हणायची.

अशा माणसाने ‘इडियट’ केला तर तो शांत, विरळ, मंद होईल अशी आपली अपेक्षा. प्रत्यक्षात उलटेच घडले. १९९१ साली दूरदर्शनवर चार भागांत दाखवलेला ‘अहमक’ म्हणजे साडेतीन तासांहून अधिक वेळ चाललेला गलबला आहे. १९९२च्या ऑक्टोबरात न्यूयॉर्कच्या महोत्सवात तो चित्रपट म्हणून दाखवला गेला. पीटर्सबर्गच्या जागी मुंबई आणि गोवा, काळ आजचा म्हणजे त्या वेळचा. प्रिन्स इथे लंडनहून उपचार घेऊन परततो. कादंबरीतली पात्रे जवळजवळ सगळी आहेत, प्रसंगही आहेत, आणि सगळे जण बोलत असतात. एकाचे वाक्य संपायच्या आत दुसरा सुरू होतो. बोलणारा चौकटीबाहेर राहतो आणि आपल्याला दिसते ती ऐकणाऱ्याची पाठ. कोण कोणाचा नातलग, कोणी कोणाचे पैसे बुडवले, हे उलगडेपर्यंत पुढचे भांडण जुंपलेले असते. वर्षानुवर्षे विरळ कथनात रमल्यानंतर या चित्रपटात आपण घटनांच्या दाटीत उडी घेतली, अशा अर्थाचे कौल यांनीच म्हटले आहे. उडी घेताना त्यांनी प्रेक्षकाचेही मानगूट धरले आहे.

आमच्या महाविद्यालयातल्या एका रसिक प्राध्यापकांनी पहिला भाग पाहून डोके धरले. ‘अरे, काही कळायला नको का?’ असे ते म्हणाले. त्यांच्याविषयी पूर्ण आदर बाळगून मला इथे एक वेगळे मत मांडायचे आहे. मला या गलबल्याचा त्रास झाला नाही. आणि त्याचे कारण माझी रसिकता नाही, माझा पत्ता आहे.

मी कुर्ला पूर्वेला राहतो. खोली दहा बाय बाराची. माणसे पाच. आई भाजी निवडता निवडता शेजारच्या मावशींशी भिंतीपलीकडून बोलत असते. बाबा फोनवर कोणाला तरी पत्ता समजावून देत असतात. ताई अभ्यासाचे मोठ्याने म्हणत असते, बाहेर नळावर भांडण चालू असते आणि दर चार मिनिटांनी लोकल सगळ्यांच्या बोलण्यावरून निघून जाते. या सर्वांतून आपल्याला हवे तेच ऐकायचे, एका कानाने भांडणाचा निकाल आणि दुसऱ्याने आईची हाक, हे आम्हांला शिकवावे लागत नाही. बोलणारा दिसलाच पाहिजे असा आमचा आग्रह नसतो. मोरीतून आलेल्या आवाजावरूनही माणसाचा चेहरा कळतो. ‘अहमक’मध्ये मला ओळखीचे वाटले ते हेच. ज्याला प्रायोगिक म्हणून आपण चार शहाण्यांच्या स्वाधीन करून टाकतो, त्याची रीत चाळीतल्या माणसाच्या अंगवळणी आधीच पडलेली असते. हा चित्रपट अवघड वाटत असेल तर तो स्वतंत्र, शांत खोलीत वाढलेल्यांना. (आमच्या प्राध्यापकांचा फ्लॅट चेंबूरला आहे, हे सांगण्याचा मोह आवरत नाही. त्यांनी क्षमा करावी.)

पण नुसत्या गलबल्याच्या ओळखीने मी साडेतीन तास बसलो नसतो. त्या गर्दीच्या मधोमध जो एक जण बावरून ऐकत बसतो, त्याच्यासाठी मी बसलो. तोही माझ्या ओळखीचा होता.

आमच्या खोलीतले पाचवे माणूस म्हणजे नानाकाका, बाबांचे थोरले भाऊ. तरुणपणी ते एका गिरणीत रिंगखात्यात होते. १९८१ साली चालत्या साच्याजवळ त्यांना फिट आली. ती काही पहिली नव्हती, पण चारचौघांत आलेली पहिली. त्यानंतर त्यांना घरी बसवण्यात आले. १८ जानेवारी १९८२ रोजी गिरण्यांचा मोठा संप सुरू झाला आणि अडीच लाखांच्या आसपास कामगार रस्त्यावर आले, तेव्हा काका आधीच घरी होते. त्यामुळे संपवाल्यांच्या यादीतही त्यांचे नाव लागले नाही. लग्न झाले नाही. तेव्हापासून ते दोन चाळींचे बिनपगारी नोकर आहेत. कोणाचे विजेचे बिल, कोणाचे रेशन, कोणाचे पोर शाळेत सोडणे, सगळे नानांकडे. ‘नाना जरा खुळाच आहे, पण पैशाला चोख’ असे लोक म्हणतात. त्यांच्यासमोरच म्हणतात.

खुळा कशावरून? तर काका खरे बोलतात. तेही कोणाला दुखवायचे म्हणून नाही. विचारले म्हणून सांगितले, इतके साधे. ‘नाना, आमचा बंड्या पास होईल का?’ असे कोणी कौतुकाने विचारले, तर ‘नाही, तो शाळेत जातच नाही, पुलाखाली बसतो’ असे उत्तर येते. मग बंड्याच्या घरी रामायण.

रशियन भाषेत उंदराला ‘मिश्’ म्हणतात. आपल्या मूषकाचेच ते चुलत भावंड. त्यावरून मिश्किन हे आडनाव. प्रिन्सचे पाळण्यातले नाव ‘लेव्ह’, म्हणजे सिंह. सिंह आणि उंदीर एकाच नावात कोंबून दोस्तोव्हस्कीने आपल्या नायकाची मूर्ती आधीच घडवून ठेवली आहे. कौल यांनी मिश्किनचा ‘मिस्किन’ केला. जेमतेम एका अक्षराचा फरक, आणि शब्द थेट उर्दूत उतरला. मिस्कीन म्हणजे गरीब, दीन, कोणाच्या अध्यात ना मध्यात. ‘अहमक’ हाही तिकडचाच शब्द, अर्थ मूर्ख. एका अर्थी हे भाषांतर मुळाहून श्रीमंत झाले आहे. भूमिकेसाठी त्यांनी निवडला अयूब खान-दीन हा इंग्लंडात जन्मलेला, तिथेच वाढलेला नट, जो पुढे ‘ईस्ट इज ईस्ट’ या नाटकाचा लेखक म्हणून नावाजला गेला. मुंबईत परतणाऱ्या पण मुंबईचा नसलेल्या माणसाला बाहेरचाच चेहरा मिळाला. रोगोझिनचा झाला पवन रघुजन, आणि तो शाहरुख खान. ‘दीवाना’ जून १९९२ मध्ये झळकला, म्हणजे हे काम त्याच्या आधीचे. तेव्हा तो ‘फौजी’ आणि ‘सर्कस’मुळे घरोघरी ठाऊक झालेला दूरदर्शनचा नट होता. पुढे ज्या तडफेवर देश फिदा झाला, ती इथे कच्ची आणि धोकादायक आहे. नायक होण्याची तिला घाई नाही. मीता वसिष्ठची नस्तास्या मात्र साऱ्यांना पुरून उरते. स्वतःचा तिरस्कार करता करता दुसऱ्यांना टोचणारी बाई तिने अशी उभी केली आहे, की तिच्याविषयी कीव वाटायचीही भीती वाटते.

आता ‘इडियट’ला मराठी शब्द कोणता? मूर्ख म्हणावे तर प्रिन्स मूर्ख नाही. माणसे त्याला आरपार कळतात. बावळट, भोळा, खुळा, येडा... मला वाटते, आपल्याकडे याचे उत्तर सातशे वर्षांपूर्वीच देऊन झाले आहे. पदवीच्या वर्गात महानुभाव वाङ्मय शिकताना आपण म्हाइंभटांनी सांगितलेल्या गोविंदप्रभूंच्या लीळा वाचतो. ऋद्धिपूरचे हे गुंडम राउळ रस्त्यात मुलांशी खेळत, कोणाच्याही घरात शिरत, हवे ते उचलून खात, मनाला येईल ते बोलत. लोक त्यांना वेडा म्हणत, पिसा म्हणत, आणि अडचण आली की त्यांच्याकडेच धाव घेत. रशियातही अशा देवाच्या वेड्यांची परंपरा आहे, आणि कादंबरीत अगदी पहिल्या भेटीतच रोगोझिन प्रिन्सला त्यांच्यात जमा करून टाकतो. तेव्हा हे पात्र आपल्याला परके नाही. परकी आहे ती त्याच्यासाठी लागणारी जागा. ऋद्धिपूरच्या गल्लीत वेड्याला जागा होती. लग्नाच्या बैठकीत कुठली असणार?

आमच्या घरी एक जुनी रीत होती. आजीने घातलेली. आत्याला पाहायला पाहुणे येणार असले, की नानाकाकांच्या हातावर दहाची नोट ठेवायची आणि त्यांना स्टेशनवर पाठवायचे. ‘संध्याकाळी सातनंतर ये.’ काका निमूट जात. हार्बरच्या फलाटावर बाकावर बसत. त्यांना रेल्वेचा नाद. देशातली पहिली विजेची गाडी ३ फेब्रुवारी १९२५ रोजी व्हीटीहून आपल्या कुर्ल्याला आली, हे शेजारी बसेल त्याला ते सांगत. आपल्याला का पाठवले आहे हे त्यांना पक्के ठाऊक असे. आत्यांची लग्ने झाली, आजी गेली, रीत राहिली.

कादंबरीच्या चौथ्या भागात हाच प्रसंग आहे. जनरलच्या घरी बडे पाहुणे यायचे असतात, प्रिन्सला जावई म्हणून दाखवायचे असते. वाग्दत्त वधू अग्लाया त्याला आदल्या दिवशी बजावते, की दिवाणखान्यातली चिनी फुलदाणी सांभाळ, बोलण्याच्या भरात ती फोडशील. बिचारा मुद्दाम त्या फुलदाणीपासून दूर बसतो. मग बोलता बोलता रंगतो, उठतो, जागा बदलतो, हात उडवतो आणि व्हायचे तेच होते. सगळे पाहुणे मोठ्या मनाने क्षमा करतात. त्या क्षमेने भारावून तो आणखी बोलतो, आणि मग त्याला फिट येते. चांगल्या घरातल्या चांगल्या लोकांनी रचलेली इतकी क्रूर बैठक मी दुसरीकडे वाचलेली नाही. एकही जण दुष्ट नाही त्यात!

गेल्या वर्षी ताईला पाहायला डोंबिवलीहून पाहुणे यायचे ठरले. पत्रिका आधीच जुळलेली. बाबांनी सवयीने खिशात हात घातला. ताई पोह्यांसाठी कांदा चिरत होती. ती वर न बघता म्हणाली, “काका घरीच बसतील. नाहीतर मीही त्यांच्याबरोबर स्टेशनवर जाते.” बाबांनी आईकडे पाहिले, आईने भिंतीकडे. काका म्हणाले, “मला जायला हरकत नाही गं.” ताई म्हणाली, “मला आहे.”

काकांनी धुतलेला सदरा घातला आणि दाराजवळच्या स्टुलावर बसले. मुलाच्या आईने विचारले, “स्वयंपाक सगळा येत असेलच?” आई तोंड उघडायच्या आत स्टुलावरून उत्तर आले, “भात करपवते. पण पोस्टाच्या पासबुकाचा हिशोब तिच्याइतका कोणी ठेवत नाही.” जरा हशा झाला. मग मुलाचे वडील काकांकडे वळून म्हणाले, “आपण काय करता?” काका म्हणाले, “मला फिट येते, म्हणून घरी असतो.” हशा थांबला. पोहे उरकले. तीन दिवसांनी निरोप आला, की पत्रिका जुळत नाही.

“आधी जुळलेली पत्रिका नंतर कशी बिघडली?” असे म्हणून ताई मोठ्याने हसली. बाबा हसले नाहीत. त्यांनी दोन दिवस कोणाशी धड बोलणे ठेवले नाही, आणि त्यांचे काही चुकले असे मी म्हणणार नाही. मुलीचा बाप होणे सोपे नसते. आपल्या हिंदू विवाह कायद्यात १९७६च्या दुरुस्तीने वेडाच्या झटक्यांच्या शेजारीच अपस्माराचे झटके लिहिले गेले होते. ज्याला ते येतात, त्याचा विवाह कायद्याच्या अटीत बसत नसे. ‘अहमक’ दूरदर्शनवर दिसला त्या वर्षी हे कलम जसेच्या तसे होते. १९९९ मध्ये त्यातून अपस्मार वगळला. डॉक्टरांना तो मेंदूचा आजार आहे हे कधीचे ठाऊक होते, संसदेला १९९९ मध्ये पटले, डोंबिवलीला निरोप अजून पोहोचायचा आहे. आणि काकांचा तर विवाहही नव्हता. पुतणीच्या विवाहात ते नुसते बसले होते.

दोस्तोव्हस्की स्वतः आयुष्यभर या आजाराचा धनी होता. फिट येण्यापूर्वीच्या निमिषात मिश्किनला सारे जग उजळून, जुळून आल्यासारखे वाटते, हे त्याने स्वानुभवाने लिहिले. कादंबरीत एके ठिकाणी तर फिटच प्राण वाचवते. अंधाऱ्या जिन्यात रोगोझिन सुरी उगारतो, त्याच क्षणी प्रिन्स किंचाळून कोसळतो आणि मारणारा घाबरून पळतो. मी काकांना विचारले, “तुम्हांला असे काही उजळल्यासारखे वाटते का?” ते म्हणाले, “नाही रे. तोंडात लोखंडाची चव येते. मग उठतो तेव्हा कोणीतरी नाकाला चप्पल लावलेली असते.” महान साहित्य आणि आमचा फलाट यांत एवढे अंतर आहे, हे नमूद केले पाहिजे. जाता जाता हेही सांगतो, की चप्पल, कांदा, किल्ल्या यांचा काही उपयोग नसतो. माणसाला कुशीवर वळवावे, डोक्याखाली काही मऊ द्यावे, तोंडात काही कोंबू नये आणि घट्ट धरून ठेवू नये. पाच मिनिटांत थांबले नाही तर दवाखान्यात न्यावे.

‘अहमक’चा पहिला भाग मी काकांबरोबर पाहिला, माझ्या फोनवर, फोन पाण्याच्या पिंपाला टेकवून. चित्र धूसर, आवाज मधूनच फाटका. मला वाटले, दहा मिनिटांत ते उठतील. ते शेवटपर्यंत बसले. त्या साऱ्या उमरावी गलबल्यातून त्यांची नजर मिस्किनवरून हलली नाही. संपल्यावर मी विचारले, “कसा वाटला?” काकांनी जरा विचार केला. “ह्या पोराला रोज जेवायला कोणाकडे जायचं असतं?” असे ते म्हणाले. मी पुष्कळ समीक्षा वाचली आहे, पण हा प्रश्न मला कुठे भेटला नव्हता. आणि खरोखर कादंबरीचा पहिला दिवस म्हणजे दुसरे काय आहे? गाठोडे घेऊन आलेला एक माणूस या घरातून त्या घरात जातो, सगळे त्याच्यापाशी आपापले मन मोकळे करतात, आणि त्याने रात्री टेकायचे कुठे, हे आधी ठरलेलेही नसते. भोळ्या माणसाला सगळे जण मन देतात. ताट वाढताना मात्र हात आखडतो. काकांच्या ताटाला आमच्या घरी कधी कमी पडले नाही, तरी त्यांना तो प्रश्न सुचला, यातच काय ते आले.

चित्रपटाविषयी माझ्या तक्रारीही आहेत. या ‘अहमक’ची मुंबई म्हणजे इतिहास ज्यांना मागे टाकून पुढे गेला, अशा जुन्या बड्या घराण्यांची. तिथे कामावरून काढलेला माणूस दिसत नाही, रेशनची रांग दिसत नाही. दोस्तोव्हस्कीच्या पुस्तकात मोलकरणी, कारकून, क्षयाने मरणारे तरुण, कर्जबाजारी दारुडे सेनाधिकारी असा खालचा सारा मजला गजबजलेला आहे. चित्रपटात त्याला श्रीमंत दिवाणखान्याचाच वास येतो. कधी कधी दाटी इतकी होते, की नस्तास्याचे दुःखही इतर आवाजांत विरून जाते, आणि ते विरायला नको होते. कुरोसावाने चेहऱ्यांपाशी थांबून जे मिळवले, ते कौल यांनी हातचे सोडले आहे.

पण त्यांनी मिळवले तेही थोडे नाही. आजवर ज्या ज्या चित्रपटांत मी भला माणूस पाहिला, तिथे कॅमेरा आणि संगीत त्याच्या बाजूने उभे असतात. तो बोलू लागला की बाकीचे गप्प होतात, मागे सनई वाजते, आणि हा चांगला बरे का, हे आपल्याला दाखवून दिले जाते. आयुष्यात असे कोण दाखवून देते? भला माणूस गर्दीत एका स्टुलावर बसलेला असतो आणि गर्दी बोलत असते. त्याच्यावर डोळा ठेवायचा की नाही हे ज्याचे त्याने ठरवायचे. ‘अहमक’ पाहताना ते मला क्षणोक्षणी ठरवावे लागले. ‘पुस्तकासारखा आहे का?’ या प्रश्नाचे माझे खरे उत्तर हे आहे. पुस्तकातल्या पीटर्सबर्गसारखा तो नाही. पुस्तक वाचताना जे श्रम पडतात, तसे श्रम मात्र तो करायला लावतो.

ताईचे अजून ठरलेले नाही. या महिन्यात एक स्थळ सांगून आले आहे, मुलुंडचे. ताईने काकांना बजावले आहे, “या वेळी भाताचं काढू नका हं, आता करपत नाही.” काका म्हणाले, “मागच्या मंगळवारी करपला होता.” त्यांचा सदरा इस्त्रीला गेला आहे. बाबांनी स्वतः नेऊन दिला.

असो. मराठी वाङ्मय मंडळाला माझी एक सूचना आहे. पुढील वर्षी ‘अहमक’चे चारही भाग सभागृहात दाखवावेत, चार शुक्रवारी एकेक, आणि मध्ये चहा ठेवावा. सभागृहातले पंखे आवाज करतात आणि मागच्या खिडकीतून गाड्या ऐकू येतात, याची चिंता करू नये. ‘काही कळायला नको का’ म्हणणाऱ्या आमच्या प्राध्यापकांना पहिल्या रांगेत बसवावे, आणि दाराजवळ एक स्टूल मोकळे ठेवावे. नानाकाकांना उरलेले तीन भाग पाहायचे आहेत.